करारपत्राचे दुसरे पान कुठे आहे?

कवठेमहांकाळ तालुक्यातल्या एका ओवीकार वाचकांचा प्रश्न: आरेवाडीच्या बिरोबावर स्वतः रचलेली, स्वतःच चाल लावलेली आठ गाणी जून 2018 मध्ये एका म्युझिक कंपनीला एकरकमी 30 हजार रुपयांना लिहून दिली. कंपनीने त्यातली पाचच यूट्यूबवर टाकली. यंदा मी आठही गाणी माझ्या चॅनलवर चढवली, तेव्हा त्या पाचांपैकी एकावर कॉपीराइट स्ट्राइक, म्हणजे यूट्यूबचा हक्कभंगाचा ठपका, आला. मेलमधून पोलीस केसची धमकीही आली. घाबरून मी व्हिडिओ डिलीट केला आणि माफीचा मेल पाठवला. करार तीन पानांचा आहे, पण माझ्याकडे पहिल्या आणि शेवटच्या पानाचा फोटोच आहे. गाणी माझीच असताना गुन्हा कसा?

असे बरेच प्रश्न येतात आणि सगळ्यांचा भर 'गाणी माझीच' यावर असतो. गाणी तुमची आहेत यात वादच नाही. तुम्ही ती लिहून दिली, हेही तितकेच खरे. आता सगळे अडले आहे ते एकाच गोष्टीवर: किती काळासाठी लिहून दिली? ते कलम दुसऱ्या पानावर असणार आणि नेमके तेच पान तुमच्याकडे नाही. सही करताना स्वतःची प्रत मागून घ्यायला पाच मिनिटे लागली असती. ती मागितली नाही म्हणून आज समोरचा म्हणेल ते ऐकून घ्यावे लागते आहे.

कॉपीराइट कायदा 1957, कलम 19(5): हस्तांतराच्या करारात मुदत लिहिलेली नसेल तर ती पाच वर्षे धरायची. दुसऱ्या पानावर मुदत नसेल तर शब्द आणि चाल यांवरचा कंपनीचा हक्क जून 2023 मध्ये संपला. त्यानंतर तुमची गाणी वाजवायला त्यांनाच तुमची परवानगी हवी. पण तिथे 'कायमस्वरूपी' किंवा 'कॉपीराइटच्या संपूर्ण मुदतीसाठी' असे लिहिले असेल तर ही वाट बंद होते. पहिल्या पानावर 'सर्व हक्क' असे आहे. त्यातून काळ ठरत नाही असे माझे मत आहे. कंपनीचे वकील उलट म्हणतील.

कंपनीने कधीच न वापरलेल्या तीन गाण्यांची बाजू जास्त भक्कम आहे. कलम 19(4) प्रमाणे हक्क घेणाऱ्याने एका वर्षात तो वापरला नाही तर त्या हक्कापुरते हस्तांतर संपते. करारात वेगळे ठरले असेल तरच नाही. म्हणजे इथेही पुन्हा दुसरे पान.

तुम्ही एक गोष्ट सांगितलेली नाही: चढवलेले रेकॉर्डिंग जुनेच की नव्याने गायलेले? शब्द-चालीचा हक्क वेगळा आणि ध्वनिमुद्रणाचा वेगळा. स्टुडिओचा खर्च आणि जबाबदारी कंपनीची असेल तर जुन्या ध्वनिमुद्रणाची मालकी बहुधा कंपनीचीच, आणि तिथे पाच वर्षांचा मुद्दा कामाला येणार नाही. बिल कुणाच्या नावावर फाटले ते शोधा. नव्याने गाऊन चढवले असेल तर ही अडचण नाही.

'कायमस्वरूपी' निघालेच, तरी सगळे गेले असे नाही. 2012 च्या दुरुस्तीनंतर गीतकार-संगीतकाराला रॉयल्टीतला निम्मा वाटा सोडून देता येत नाही. एकरकमी पैसे घेतले तरी तो मागता येतो. पण त्याने स्ट्राइक हटणार नाही.

व्हिडिओ डिलीट केल्याने स्ट्राइक जात नाही. तो 90 दिवस राहतो आणि तेवढ्या काळात तीन झाले तर चॅनल बंद होऊ शकते. म्हणून उरलेली सात गाणी तूर्त प्रायव्हेट करा, डिलीट करू नका. काउंटर नोटिफिकेशन, म्हणजे स्ट्राइक चुकीचा असल्याचे यूट्यूबला कळवणारा अर्ज, लगेच भरू नका. त्यात तुमचे नाव-पत्ता तक्रारदाराकडे जातो आणि खोटे निघाले तर परिणाम भोगण्याची हमी तुम्ही देता. ते भरल्यावर तक्रारदाराने अमेरिकेतल्या कामकाजाच्या 10 दिवसांत कोर्टात गेल्याचा पुरावा दिला नाही, तर यूट्यूब व्हिडिओ परत आणते. मात्र तुम्ही व्हिडिओच काढून टाकल्यामुळे कंपनीकडून स्ट्राइक मागे घ्यायला लावणे हा मार्ग आधी बघावा लागेल.

पोलीस केसची धमकी हसण्यावारी नेऊ नका. कलम 63 खाली सहा महिने ते तीन वर्षे कैद आहे आणि हा गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये सांगितले आहे. मात्र उल्लंघन जाणूनबुजून केले हे सिद्ध व्हावे लागते. मुदत संपल्याचा खरा दावा असेल तर ते सोपे नाही. पोलीस ठाण्यातून फोन आला तर वकिलाला सोबत घेऊन जा. माफीचा मेल ते दाखवतीलच. तो पुसू नका आणि त्यावर आणखी खुलासे लिहू नका.

मुदत संपल्याचे दिसले तर कलम 60 तुमच्या बाजूने आहे. निराधार धमकी देणाऱ्यावर, धमकी निराधार असल्याचे न्यायालयाकडून जाहीर करून घेण्याचा, मनाई हुकमाचा आणि नुकसानभरपाईचा दावा करता येतो. कंपनीने स्वतः तत्परतेने उल्लंघनाचा दावा लावून चालवला तर मात्र हे कलम लागू होत नाही. दावा कवठेमहांकाळच्या दिवाणी न्यायालयात टाकू नका. उल्लंघनाच्या दाव्याला कलम 62 जिल्हा न्यायालय सांगते आणि तुम्ही राहता त्या जिल्ह्यात, म्हणजे सांगलीत, तो लावता येतो. चुकीच्या कोर्टात लावलेला दावा परत मिळेपर्यंत वर्ष-दोन वर्षे सहज जातात. तीन लाख किंवा त्याहून जास्त रकमेचा वाद व्यापारी न्यायालयाच्या कक्षेत येतो. तातडीची मनाई मागितली नसेल तर आधी मध्यस्थीला जावे लागते.

आता पान मिळवायचे. 2018 चे मेल आणि व्हॉट्सअ‍ॅप चाळा. सहीपूर्वी मसुद्याची पीडीएफ आली असण्याची शक्यता बरीच आहे. नाही सापडली तर मेल आणि स्पीड पोस्ट दोन्हींनी कंपनीला एकच मागणी करा: कराराची पूर्ण प्रत सात दिवसांत द्यावी. माफी नको, शिवीगाळ नको, गाणी कुणाची याची चर्चा नको. दिली नाही तर व्यापारी दाव्यात ती हजर करणे त्यांना भागच आहे.

पत्र पाठवण्याआधी एक काम आजच करा. कंपनीच्या चॅनलवरची पाच गाणी, प्रत्येकाची अपलोड तारीख आणि बाकीची तीन शोधूनही मिळत नाहीत हे सगळे मोबाइलवर सलग स्क्रीन रेकॉर्ड करा. पत्र हाती पडल्यावर ती तीन गाणी घाईने चढवायला त्यांना एक दिवस पुरतो. तो मोबाइल विकू नका, फॉरमॅट करू नका. भारतीय साक्ष अधिनियम 2023, कलम 63 चे प्रमाणपत्र हॅश व्हॅल्यूसह (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा संगणकीय आकडा) जोडावे लागते आणि मूळ फाइल नसेल तर ते करताना अडचण येते. पत्र त्यानंतरच टपालात टाका.