पुण्याचा फास्टॅग कर्नाटकात चालतो का?

तुमचा प्रश्न असा आहे: पुण्यात काढलेल्या फास्टॅगवर कारने बेंगळुरूपर्यंत जाता येईल का, की कर्नाटकासाठी वेगळा टॅग लागेल? आणि वार्षिक पास घेतला तर सगळा टोल त्यातच भागेल का?

वेगळा टॅग लागत नाही, आणि तो काढूही नका. एका गाडीला एकच टॅग हा नियम आहे, नवा काढला की जुना बंद पडतो. टॅग कुठल्याही बँकेचा असला तरी व्यवहार एनपीसीआयच्या, म्हणजे बँकांमधले ऑनलाइन व्यवहार चालवणाऱ्या संस्थेच्या, एकाच जाळ्यातून होतो. खेड-शिवापूर, आनेवाडी, तासवडे आणि किणी हे नाके महाराष्ट्रात, तर कोगनोळी, हत्तरगी, हिरेबागेवाडी कर्नाटकात. टॅगला हे सगळे सारखेच. राज्याच्या सीमेपेक्षा रस्ता कोणाच्या ताब्यात आहे हे बघा, कारण पासचा घोळ नेमका तिथेच होतो.

फास्टॅगचा वार्षिक पास 15 ऑगस्ट 2025 ला 3000 रुपयांत सुरू झाला. तो फक्त खासगी कार, जीप आणि व्हॅनसाठी आहे, आणि एक वर्ष किंवा 200 फेऱ्या, जे आधी संपेल तोवर चालतो. इथे फेरी म्हणजे पुणे-बेंगळुरू नव्हे. साध्या नाक्यावर एकदा नाका ओलांडला की एक फेरी संपली. वरचे सातच नाके धरले तरी जाऊन-येऊन 14 फेऱ्या होतात. पास चालतो तो राष्ट्रीय महामार्गांवर आणि राष्ट्रीय द्रुतगती मार्गांवर. मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग, समृद्धी, अटल सेतू हे राज्याचे, तिथे नेहमीसारखे वॉलेटमधून, म्हणजे टॅगच्या खात्यात भरलेल्या रकमेतून, पैसे कटतात. म्हणून पास असला तरी वॉलेट रिकामं ठेवू नका. पास राजमार्गयात्रा ॲपवरून घ्या. पण नवीन गाडीचा टॅग अजून चॅसिस नंबरवरच (गाडीच्या सांगाड्यावर कोरलेल्या क्रमांकावर) असेल तर आधी बँकेकडे नोंदणी क्रमांक चढवून घ्यावा लागेल, त्याशिवाय पास मिळत नाही.

निघण्याच्या आदल्या दिवशी बँकेच्या ॲपमध्ये टॅगची स्थिती बघा. शिल्लक भरपूर असूनही केवायसी अर्धवट राहिल्यामुळे टॅग ब्लॅकलिस्ट झालेला असू शकतो. रांगेत उभं राहून रिचार्ज करण्याच्या भरवशावर राहू नका, कारण पैसे भरल्याची नोंद प्रत्येक नाक्यावर त्याच क्षणी पोचेलच असं नाही. 15 नोव्हेंबर 2025 पासून राष्ट्रीय महामार्गावर टॅग चालला नाही तर यूपीआयने सव्वापट टोल पडतो. म्हणजे 100 रुपयांच्या जागी 125. तेव्हा फोन हाताशी असू द्या.

आता टॅग चिकटवण्याबद्दल, कारण निम्मी डोकेदुखी इथूनच सुरू होते. टॅगमध्ये बॅटरी नसते. नाक्यावरच्या रीडरच्या रेडिओ लहरींवरच चिप जागी होते आणि कागदातली पातळ अँटेना उत्तर देते. म्हणून काच आतून कोरड्या फडक्याने पुसा आणि आतल्या आरशाच्या मागे, मधोमध, टॅग एकदाच नीट दाबून बसवा. उचकटून दुसरीकडे लावलात तर अँटेना तुटते, मग वरून धडधाकट दिसणारा टॅगही वाचला जात नाही. धातूचा थर असलेली फिल्म किंवा उष्णतारोधक काच लहरी अडवते. अशा काचेवर आरशाजवळ मोकळी ठेवलेली जागा असते, टॅग तिथेच लावा. टॅग हातात धरून दाखवू नका, सुटा टॅग ब्लॅकलिस्ट होतो. पुढच्या गाडीला चिकटूनही जाऊ नका, गाडीभर अंतर राहू द्या.

टॅग चालू आहे, पैसे आहेत, तरीही नाक्याचं यंत्रच बिघडलंय? मग पैसे देऊ नका. 2018 च्या नियमाप्रमाणे अशा गाडीला शून्य रकमेची पावती देऊन मोफत सोडायचं असतं. ती पावती मागून घ्या. हा तुमचा हक्क आहे आणि फार थोडे लोक तो वापरतात.

कोल्हापूरपर्यंतच जाऊन 24 तासांत परत येणार असाल आणि पास नसेल, तर त्याच नाक्यावर दोन्ही वेळचा मिळून दीडपट टोल लागतो. ही सवलत टॅगवर आपोआप मिळते, वेगळं काही सांगावं लागत नाही.

परत आल्यावर टोल कटल्याचे मेसेज तारीख-वेळेसकट ताडून बघा. गाडी घरी उभी असताना पैसे कटले, तर बहुतेक वेळा कुणीतरी नाक्यावर हाताने चुकीचा नंबर टाकलेला असतो. मेसेजचा स्क्रीनशॉट ठेवा आणि 1033 वर किंवा टॅग देणाऱ्या बँकेकडे लगेच तक्रार नोंदवा.