डेव्हिड अ‍ॅटनबरो यांचे अगदी जुने कार्यक्रम आज का पाहावेत?

नव्या मालिकांतील चित्रण इतके देखणे असताना वन्यजीवनावरील मालिकांचे ब्रिटिश निवेदक अ‍ॅटनबरो यांचे सत्तर वर्षांपूर्वीचे कार्यक्रम शोधून पाहण्याचे कारण काय, असे आपण विचारले आहे. माझ्या दृष्टीने ते जुने चित्रण फार मोलाचे आहे, कारण प्राण्यांकडे पाहण्याची माणसाची नजर कशी बदलत गेली, हे त्यात एकाच माणसाच्या वागण्यातून क्रमाने दिसते.

१९५४ च्या डिसेंबरात बीबीसीवर ‘झू क्वेस्ट’ ही त्यांची मालिका सुरू झाली, तेव्हा तिचा हेतूच लंडनच्या प्राणिसंग्रहालयासाठी प्राणी पकडून आणणे हा होता. निवेदन त्या संग्रहालयातील जॅक लेस्टर यांच्याकडे होते. ते आजारी पडल्याने निर्माते असलेले अ‍ॅटनबरो कॅमेऱ्यासमोर आले. १९५६ साली कोमोडो बेटावरची महाकाय घोरपड त्यांच्या सापळ्यात अडकलीही, पण इंडोनेशियाच्या अधिकाऱ्यांनी ती देशाबाहेर नेऊ दिली नाही.

या चित्रणाची कथा विलक्षण आहे. बीबीसीत तेव्हा ३५ मिलिमीटर फिल्मचा आग्रह असे, पण ते अवजड कॅमेरे जंगलात वागवणे कठीण असल्याने अ‍ॅटनबरो १६ मिलिमीटरवर अडून बसले. शेवटी तडजोड अशी झाली की १६ मिलिमीटरच वापरावी, मात्र रंगीत फिल्म घ्यावी, म्हणजे तिच्यावरून काढलेली कृष्णधवल प्रत अधिक सुस्पष्ट येईल. प्रेक्षकांनी सारे कृष्णधवलच पाहिले आणि मूळ रंग संग्रहात पडून राहिले. १९६७ साली विंबल्डनच्या सामन्यांनी ब्रिटनमध्ये रंगीत प्रक्षेपण सुरू झाले ते बीबीसी टूवर, आणि त्या वाहिनीचे प्रमुख स्वतः अ‍ॅटनबरो होते. तरी त्यांचे हे रंगीत चित्रण लोकांसमोर यायला २०१६ साल उजाडावे लागले.

रवांडात १९७८ साली प्राणी पकडण्याच्या त्या मोहिमांच्या नेमके उलट घडले. अंगठ्याच्या रचनेविषयी बोलायचे ठरवून ते गोरिलांजवळ बसले होते; तेवढ्यात मादीने त्यांच्या डोक्यावर हात ठेवला, पिल्ले बुटांच्या नाड्यांशी खेळू लागली आणि ठरलेले भाषण राहूनच गेले. त्या भाषणासाठी फिल्म राखून ठेवली जात असल्याने त्या भेटीतील थोडासाच भाग चित्रित झाला. प्राणी पकडायला निघालेला तोच माणूस येथे प्राण्यांच्या स्वाधीन होऊन निमूट पडून आहे, आणि हा फरक जुने भाग पाहिल्याखेरीज जाणवत नाही.

म्हणून आपण रंगीत ‘झू क्वेस्ट’पासून सुरुवात करावी, नंतर १९७९ च्या ‘लाइफ ऑन अर्थ’ मालिकेचा बारावा भाग पाहावा, ज्यात ही गोरिलांची भेट आहे, आणि २०२० चा ‘अ लाइफ ऑन अवर प्लॅनेट’ हा चित्रपट त्यानंतर घ्यावा, कारण त्यात जुन्या चित्रणाचे तुकडे येतात आणि ते कोठले आहेत हे आपल्याला तोवर ओळखता येईल.