राशिद बूजेद्रा कादंबरीकार की पटकथालेखक? आधी काय वाचू, काय पाहू?

हा अल्जीरियन लेखक मुळात कादंबरीकारच, पण सुरुवात सिनेमापासून करा. 'निखाऱ्यांच्या वर्षांची बखर' (दिग्दर्शक मोहम्मद लखदर-हमिना) पाहा. पटकथा लिहिणाऱ्यांत बूजेद्रा आहे. 1975 साली फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, पाम दोर, याला मिळाला. गोष्ट 1939 ते 1 नोव्हेंबर 1954, म्हणजे अल्जीरियाच्या फ्रान्सविरुद्धच्या स्वातंत्र्ययुद्धाला तोंड फुटेपर्यंतची. ते युद्ध का पेटलं हे कळण्यासाठी वेगळा इतिहास वाचावा लागत नाही: दुष्काळ, पाण्यावरून हाणामारी, गाव सोडून शहर गाठलेला शेतकरी, तिथे टायफसची साथ. आणि मिलूद नावाचा वेडा, जो कबरस्तानात मेलेल्यांना भाषण देतो! ही भूमिका दिग्दर्शकानेच केली आहे.

मग 'ला रेप्युदियासिओं' (1969) ही त्याची पहिली कादंबरी. बापाने टाकून दिलेल्या आईची हकिकत मुलगा आपल्या फ्रेंच प्रेयसीला सांगतो. वाक्यं लांबलचक, उलटसुलट. पहिली तीसेक पानं दम काढतात.

एक लक्षात ठेवा: सिनेमाची पटकथा तिघांची आहे, त्यामुळे त्यावरून बूजेद्राची शैली ठरवू नका. शिवाय 1980च्या दशकात तो फ्रेंच सोडून अरबीत कादंबऱ्या लिहू लागला, पुढे पुन्हा फ्रेंचकडे वळला. फ्रेंच आवृत्ती हातात आली तर ती मूळ की अनुवाद, तेवढं बघून घ्या.