स्वप्नमाग

"मॅडम, पोरगं झोपेत वडलांना भेटायचं मशीन करतंय. डोक्यावर परिणाम झाला असंल का हो त्याच्या?"

इचलकरंजीहून आलेल्या एका आईने दारातून आत येता येताच हे विचारलं. मुलं ल्युसिड ड्रीमिंगचे, म्हणजे आपण स्वप्नात आहोत हे कळून ते हवं तसं वळवण्याचे व्हिडिओ बघतात, मध्यरात्री गजर लावून उठतात आणि घरचे धास्तावतात. असे पालक माझ्याकडे समुपदेशनासाठी अधूनमधून येतात, म्हणून या मायलेकांच्या परवानगीने हे लिहिते आहे. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

मुलगा 19 वर्षांचा, इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला. डोळे तांबारलेले. आईने पिशवीतून एक जाड वही काढून टेबलावर ठेवली आणि त्याने ती झटकन ओढून घेतली. "माझी आहे ती." त्या दिवशीचे त्याचे हे पहिले शब्द. मी वही मागितली नाही. एवढंच विचारलं, "यातलं मशीन चालतं कसं, सांगशील?"

मग तो पाऊण तास बोलत होता. यंत्राचं नाव स्वप्नमाग. बीमवर, म्हणजे मागाच्या रुळावर, ताणा (उभे धागे) गुंडाळलेला, तो माणसाच्या आठवणींचा. बाणा, म्हणजे आडवा धागा, हे त्या रात्री हवं असलेलं स्वप्न. ते कांडीवर, म्हणजे सूत गुंडाळायच्या नळीवर, भरायचं, कांडी धोट्यात, म्हणजे मागावर इकडून तिकडे पळणाऱ्या लाकडी होडीत, बसवायची. झोपलेल्याच्या कपाळाला पट्टी. बुबुळं हलायला लागली की धोटा पळणार आणि स्वप्न विणलं जाणार. हळूहळू त्याने स्वतःच वही माझ्याकडे सरकवली. धोट्याच्या टोकाची लोखंडी टोपी, कांडीवरच्या सुताचे वेढे, सगळं पेन्सिलीने इतकं बारीक काढलेलं की मागाच्या शेडमध्ये वाढलेल्या पोरालाच ते जमावं.

वडलांचे चार माग होते, स्वतःच चालवायचे. 14 महिन्यांपूर्वी रातपाळीत, शेडमध्येच, हृदयविकाराने गेले. हा होस्टेलवर. फोन सायलेंटवर, सकाळी उठला तेव्हा आईचे सात मिस्ड कॉल. तेव्हापासून आठवड्यातून चार-पाच रात्री एकच स्वप्न: सगळे माग चालू आहेत, वडील पलीकडून काहीतरी सांगताहेत, पण खडखडाटात ऐकू येत नाही. हा माग बंद करायला धावतो, माग बंद होत नाहीत.

ते स्वप्न ताब्यात घ्यायचं म्हणून त्याने ऑनलाइन एक डोळ्यांवरची पट्टी मागवली, झोपेत लाल दिवे लुकलुकणारी. रोज तीनचा गजर. झोप कशीबशी चार तास, दोन विषय राहिले. एकदा मात्र स्वप्नात आपण स्वप्नात आहोत हे त्याला उमगलं. त्याने "पप्पा" म्हणून हाक मारली. ते वळले, तर त्यांना चेहराच नव्हता. त्यानंतर त्याला झोपायचीच भीती बसली.

आईला मी सांगितलं ते हे, आणि असाच प्रश्न पडलेल्या प्रत्येक घराला हेच सांगेन. ताई, हे वेड नाही. मशीन वहीत आहे, खरं नाही, हे त्याला पक्कं ठाऊक आहे. जागेपणी कुणी नसताना आवाज येऊ लागले, स्वप्न कोणतं आणि घडलेलं कोणतं यात गल्लत होऊ लागली किंवा जगण्यात अर्थ नाही अशी भाषा तोंडी आली, तर एक दिवसही न थांबता मनोविकारतज्ज्ञ गाठा. 14416 ही टेलिमानसची सरकारी हेल्पलाइन आहे, तिथे मराठीतून बोलता येतं. पण ती वही फाडू नका, जाळू नका. चौदा महिने जे तोंडातून निघालं नाही ते त्याने तिथे काढून ठेवलंय.

त्यालाही मी स्वप्नमाग अशक्य आहे असं म्हटलं नाही. 1975 साली इंग्लंडमधल्या हल विद्यापीठात कीथ हर्न यांच्या प्रयोगात ॲलन वर्स्ली या गृहस्थांनी झोपेतून डोळे ठरल्याप्रमाणे डावी-उजवीकडे फिरवून 'मी स्वप्नात आहे' अशी खूण केली होती. स्वप्नं पडतात त्या झोपेत अंगाचे स्नायू लुळे असतात, डोळे तेवढे हलतात. हे त्याला माहीत होतं. पहाटेची ही झोप सगळ्यात लांब असते आणि आपण गजर लावून नेमकी तीच मोडतोय, हे मात्र त्याच्या ध्यानात आलं नव्हतं. जिनिव्हातला प्रयोग त्याने ऐकलाच नव्हता. 2022 साली छापून आलेल्या त्या अभ्यासात सतत दुःस्वप्नं पडणारे 36 जण होते. सगळ्यांनी आपलं दुःस्वप्न जागेपणी नव्याने रचलं आणि रोज मनात त्याची उजळणी केली. निम्म्यांना त्या वेळी पियानोचा एक सूर ऐकवला होता, तोच पुढे दोन आठवडे स्वप्नाच्या झोपेत कपाळपट्टीतून ऐकवला. दुःस्वप्नं दोन्ही गटांत कमी झाली, सूर ऐकणाऱ्यांची जास्त.

तो ताडकन सरळ बसला. "म्हणजे कांडी दिवसा भरायची!"

मी इतकी वर्षं ही उजळणीची पद्धत शिकवते, पण इतक्या नेमक्या शब्दांत मला ती कधी सांगता आली नव्हती.

गजर बंद, पट्टी कपाटात, झोपेची वेळ ठरलेली. एकदा मनोविकारतज्ज्ञांना दाखवून घेतलं, औषध लागलं नाही. मग स्वप्न नव्याने लिहायला बसलो. इथे माझी चूक झाली. मी सुचवलं, वडील हसत जवळ येतात असं लिही. त्याने मान हलवली. "खोटं वाटतं, मॅडम. ते असे जवळ येऊन बोलणारे नव्हतेच." बदल ज्याचा त्याने निवडायचा असतो हे मला पाठ आहे, तरी त्या पोराचं दुःख बघून राहवलं नाही. मी गप्प बसले.

बऱ्याच वेळाने त्याने लिहिलं: लाइट जाते.

इचलकरंजीत वाढलेल्याला ते समजावून सांगावं लागत नाही. लाइट गेली की शेडमधले सगळे माग एकदम थांबतात, आणि मग जी शांतता पसरते तिच्यात बोलणं ऐकू येतं. त्याच्या नव्या स्वप्नात वडील विचारतात, "जेवलास का?" तो म्हणतो, "व्हय." एवढंच. रोज संध्याकाळी पंधरा मिनिटं डोळे मिटून तो हे मनात बघायचा. फोनबद्दलचं त्याचं अपराधीपण हे वेगळं काम होतं, त्याला आणखी चार महिने लागले.

तिसऱ्या आठवड्यानंतर जुनं स्वप्न पंधरवड्यातून एखाद्या वेळी पडायला लागलं. लाइट प्रत्यक्ष स्वप्नात एकदाच गेली. वडील काय बोलले ते त्याने मला सांगितलं नाही, मीही विचारलं नाही.

शेवटच्या भेटीला आईही आली होती. त्याने पहिल्यांदाच वही आपणहून तिच्या हातात दिली. तिने स्वप्नमागाच्या पानावरून बोट फिरवलं आणि म्हणाली, "सगळं काढलंस. कांड्या भरायला कोण? आपल्या शेडात त्या मी भरायचे की रे."

त्याने खिशातून पेन्सिल काढली.