माहितीपटात स्वतःच्याच भूमिकेत

प्रश्न : आमच्या गुरुजींवर (गायक, वय ७४) माहितीपट होतोय. चित्रण घरीच आहे. काय सांभाळावं?

उत्तर : आधी आवाज. कॉलर माइक हनुवटीखाली साधारण वीतभर अंतरावर लावतात. रेशमी झब्बा, उपरणं किंवा माळ त्याला घासली की खरखर येते आणि ती नंतर नीट निघत नाही. म्हणून मऊ सुती कपडा बरा. बारीक रेघांचा नको, पडद्यावर रेघा थरथरतात. पंखा, फ्रिज बंद ठेवा. गाण्यासाठी मात्र कॉलर माइकवर भागवू देऊ नका. गळ्याला आणि तानपुऱ्याला वेगळे माइक मागाच.

संकलनात बहुधा प्रश्न कापला जातो. त्यामुळे नुसतं ‘हो, तेव्हाच’ निरुपयोगी ठरतं. ‘तालीम मी अमुक वर्षी सुरू केली’ असं पूर्ण वाक्य हवं.

सही करण्याआधी संमतिपत्र शांतपणे वाचा. कॉपीराइट कायद्यातील कलम ३८-अ नुसार, लेखी संमती दिल्यावर, करारात वेगळं ठरलं नसेल तर, त्या चित्रपटातल्या वापराला कलाकाराला हरकत घेता येत नाही. व्यावसायिक वापराच्या रॉयल्टीचा हक्क मात्र राहतो. न वापरलेल्या चित्रणाचं काय, हेही त्यात लिहून घ्या.