डाउजर म्हणजे राजमाता नव्हे

'डाउजर क्वीन'ला, म्हणजे वारलेल्या राजाच्या विधवेला, मराठीत 'राजमाता' म्हणावे का, असा प्रश्न आहे. मुळीच नाही. बातम्यांत हा 'राजमाता' इतक्यांदा भेटतो की आता चीड येते. इंग्लंडचा चौथा विल्यम १८३७ साली वारला आणि गादीवर त्याची पुतणी व्हिक्टोरिया बसली. विल्यमची विधवा ॲडलेड पुढे बारा वर्षे डाउजर म्हणून जगली. तिचे एकही मूल हयात नव्हते. मग माता कुणाची?

हा शब्द आईपणाचा नाहीच, जमीनजुमल्याचा आहे. इंग्लंडच्या जुन्या कायद्यात नवऱ्यामागे त्याच्या जमिनीचा तिसरा हिस्सा विधवेला हयातभर भोगायला मिळे. तो 'डाउअर', आणि तो जिच्याकडे ती डाउजर. (डाउअरला 'हुंडा' म्हणणाऱ्यांनी तर गंगा उलटी वाहवली. हुंडा बायकोच्या माहेरचा, हा नवऱ्याच्या जमिनीतला.)

आणि व्युत्पत्ती! फ्रेंचमधून मागे गेले की लॅटिन 'दोस' लागतो, आणि त्याचा धातू म्हणजे आपल्या संस्कृत 'ददाति'चा (देतो) सख्खा भाऊ. डाउजर ही आपल्या 'दाय'ची, म्हणजे वारशाची, नातलग निघाली! 'दायाद' फोडून पाहा: दाय + आ + दा, वारसा घेणारा. एकाच शब्दात 'दा' दोनदा, एकदा देणारा, एकदा घेणारा.

काही कोशकार वारशाच्या 'दाय'ला 'दो', म्हणजे तोडणे, या धातूखाली ढकलतात. मला ते अजिबात पटत नाही. वारसाहक्कावरच्या 'दायभाग' या ग्रंथाचा कर्ता जीमूतवाहन 'दीयते', म्हणजे दिले जाते, अशी सरळ फोड देतो. मेलेला माणूस हाताने काही देत नाही, म्हणून इथले देणे गौण अर्थाचे, हेही तोच सांगतो. इतका विचार केलेल्या माणसाला धातू कळला नव्हता म्हणायचे? त्याच्या बंगालात निपुत्रिकाच्या विधवेला एकत्र कुटुंबातही नवऱ्याचा हिस्सा मिळे. आपल्याकडे चालणाऱ्या 'मिताक्षरा' या धर्मशास्त्रग्रंथात नवरा विभक्त असेल तरच. तोही हयातीपुरता, भोगायचा पण मनास येईल तसा विकायचा नाही. डाउजरची हुबेहूब बहीण!

मराठीत साधे 'विधवा राणी' लिहा. १५३३ साली इंग्लंडच्या आठव्या हेन्रीने आपल्या पहिल्या राणीवर, कॅथरीनवर, 'प्रिन्सेस डाउजर' ही पदवी लादली. अर्थ असा की तू माझ्या मेलेल्या भावाची, आर्थरची विधवा, माझी बायको कधीच नव्हतीस. १५३६ साली मरेपर्यंत कॅथरीन स्वतःला राणीच म्हणवत राहिली. आता त्या पदवीच्या जागी 'राजमाता' घालून वाचा.