वेळ संपली तरी सुरुंग संपत नाही

प्रश्न सोलापुरातल्या एका विद्यार्थ्याचा आहे, वादविवाद स्पर्धेसाठी, सोबत एक फोटो जोडून: "तोफेतून किंवा रॉकेटमधून विखुरले जाणारे रणगाडाविरोधी भूसुरुंग काही तासांत आपोआप फुटून जातात, मग युक्रेनच्या शेतकऱ्याला त्यांची भीती कशाला?" त्यावर एकाने लिहिलंय, "टायमर असतो, म्हणजे धोका तात्पुरता." हे उत्तर स्पर्धेत मांडू नका, ते अर्धवट आहे.

आधी वस्तू काय आहे ते बघू. नेहमीचा, हाताने पुरायचा सोव्हिएत टीएम-६२ सुरुंग सुमारे १० किलोचा असतो. विखुरायचा सुरुंग त्यापेक्षा खूप हलका. तोफेतून टाकायचा अमेरिकन सुरुंग, आरएएएम, पावणेदोन किलोच्या आत भरतो, शेंगाचटणीच्या छोट्या गोल डब्याएवढा. १५५ मिलिमीटरच्या एका तोफगोळ्यात असे ९ बसतात आणि गोळा हवेत उघडून ते खाली टाकतो. इतका छोटा सुरुंग रणगाड्याचं काय बिघडवणार, असं वाटेल. तो साखळीपट्ट्याखाली दबायची वाट बघत नाही. वरून जाणाऱ्या लोखंडामुळे चुंबकीय क्षेत्र बदलतं, ते ओळखून तो फुटतो आणि रणगाड्याच्या पोटाचं चिलखत भेदतो. पोटाचं चिलखत समोरच्या चिलखतापेक्षा फारच पातळ असतं. सुरुंग उताणा पडला काय, पालथा पडला काय, काम तेच करतो, कारण दोन्ही बाजूंना मारा करण्याची सोय असते.

पल्ल्याचा अंदाज सोलापूरच्या नकाशावर घ्या. जर्मन एटी-२ सुरुंग टाकणारं रॉकेट ३५ किलोमीटरहून लांब जातं. म्हणजे शहरातून डागलं तर मोहोळ टप्प्यात येतं. एका रॉकेटमध्ये २८ सुरुंग असतात, बारा रॉकेटांच्या एका फैरीत ३३६. अमेरिकेच्या 'व्होल्कॅनो' यंत्रणेत ९६० सुरुंग भरतात आणि ट्रक किंवा हेलिकॉप्टर त्यांचा एक किलोमीटरहून लांब पट्टा टाकतं. हे काम काही मिनिटांचं आहे. हाताने तेवढे सुरुंग पुरायचे तर खूप माणसं राबवावी लागतात.

आता टायमरकडे. अमेरिकन सुरुंगांच्या मुदती ४ तास, ४८ तास आणि १५ दिवस अशा आहेत. आरएएएममध्ये फक्त पहिल्या दोन. "४ तास" याचा अर्थ बरोबर चौथ्या तासाला सगळे फुटतात असा नाही. मुदतीचे ८० टक्के झाले की फुटायला सुरुवात होते, म्हणजे ३ तास १२ मिनिटांपासून ४ तासांपर्यंत. ४८ तासांवाले ३८ तास २४ मिनिटांनंतर कधीही. सोव्हिएत पीटीएम-३ ची मुदत १६ ते २४ तास, तर दाबाने फुटणाऱ्या पीटीएम-१ ची ३ ते ४० तास.

गडबड होते ती इथे. टायमरला बॅटरी लागते, आणि सुरुंग तयार अवस्थेत यायला पडतानाची सगळी क्रिया नीट व्हावी लागते. तोफेतून सुटताना बसणारा हिसका सोसून आतलं इलेक्ट्रॉनिक्स शाबूत राहावं लागतं. सुरुंग झाडाच्या फांदीत अडकला, चिखलात रुतला, गोदामात वर्षानुवर्षं पडलेली बॅटरी कमजोर निघाली, तर टायमर चालत नाही. मग तो सुरुंग अर्धवट जागा आहे की पुरता मेलेला, हे बाहेरून कळत नाही. अमेरिकन सुरुंगात दुसरी तजवीज आहे: बॅटरी उतरली की संवेदक बंद पडतो. तरी स्फोटक जागच्या जागीच राहतं.

१९९१ च्या आखाती युद्धात अमेरिकेने सुमारे १ लाख १८ हजार विखुरणारे सुरुंग टाकले. शंभरात एक जरी चुकला असं धरलं, तरी ११८० सुरुंग मागे राहतात. हे माझं गणित आहे, अहवालातला आकडा नव्हे. पण स्पर्धेत "टायमर ९९ टक्के चालतो" असं कोणी म्हणालं, तर हेच गणित समोर ठेवा.

जमिनीचाही यात वाटा आहे. मंगळवेढ्याच्या काळ्या रानात पाऊस झाल्यावर बैलगाडीचं चाक कसं रुततं, ते तुम्ही पाहिलं असेल. युक्रेनची काळी माती जातीने वेगळी, पण वसंतात आणि पावसाळी शरदात तिथेही असाच चिखल होतो. वर पडलेला सुरुंग त्यात बुडतो, त्यावर गवत किंवा सूर्यफूल वाढतं. विखुरणाऱ्या सुरुंगाची एकमेव सोय, म्हणजे तो डोळ्यांना दिसतो, ती एका हंगामात जाते. पुढे नांगर घेऊन ट्रॅक्टर येतो, आणि चुंबकीय संवेदकाला ट्रॅक्टर आणि रणगाडा यांतला फरक कळत नाही.

तुम्ही जोडलेल्या फोटोत धसकटात पडलेली, फूटभर लांब, चौकोनी, हिरवी धातूची पेटी दिसते. ती पीटीएम-३ आहे. तिचा संवेदक चुंबकीय आहे, म्हणून धातू घेऊन जवळ जाणंसुद्धा धोक्याचं. सुरुंग काढणारे प्रशिक्षित लोक ती उचलत नाहीत, दुरूनच नष्ट करतात. अशा पेटीजवळ उभं राहून काढलेले फोटो लोक कौतुकाने पुढे पाठवतात. ते कृपा करून थांबवा.

युद्धातला उपयोग मात्र खरा आहे, तो नाकारू नका. २०२२ च्या उत्तरार्धात अमेरिकेने युक्रेनला आरएएएमचे गोळे दिले. २०२३ च्या फेब्रुवारीत पूर्व युक्रेनमधल्या वुहलेदारजवळ रशियन तुकड्या पुढे सरकल्या, आणि ज्या वाटेने त्या आल्या त्याच वाटेवर मागून सुरुंग टाकले गेले. परतताना वाहनं अडकली. त्याच वर्षी उन्हाळ्यात उलटं झालं: युक्रेनने सुरुंगक्षेत्रातून वाट मोकळी करायची आणि रशियाने दुरून पुन्हा सुरुंग टाकून ती बंद करायची. त्यासाठीची रशियाची 'झेमलेदेलिये' यंत्रणा ५ ते १५ किलोमीटरवरून सुरुंग फेकते. या शब्दाचा अर्थ शेती. नावाचा हा निर्दयपणा मला सहन होत नाही.

कायद्यात इथेच फट आहे. १९९७ च्या ओटावा कराराने बंदी आहे ती माणसांविरुद्धच्या सुरुंगांवर, रणगाडाविरोधी सुरुंगांवर नाही. भारत त्या करारात नाही, पण पारंपरिक शस्त्रांवरच्या कराराच्या सुधारित दुसऱ्या प्रोटोकॉलमध्ये (जोडकरारात) आहे. त्यात दुरून टाकायच्या माणसांविरुद्धच्या सुरुंगांसाठी कडक अट आहे: ३० दिवसांत स्वतः नष्ट न होणारे १० टक्क्यांहून जास्त नकोत, आणि १२० दिवसांनी हजारात एकाहून जास्त चालू नको. रणगाडाविरोधी सुरुंगांसाठी मात्र स्वयंनाशाची सोय "शक्य असेल तितकी" ठेवा, एवढंच. तुमच्या भाषणाचा गाभा या तीन शब्दांवर उभा करा. पुण्याच्या एआरडीई या संरक्षण संशोधन संस्थेने घडवलेल्या आपल्या पिनाका रॉकेटसाठीही रणगाडाविरोधी सुरुंग भरलेलं शीर्ष (रॉकेटचा पुढचा भाग) आहे, म्हणून ही चर्चा परक्यांची समजू नका.

युक्रेनमध्ये एके काळी १ लाख ७४ हजार चौरस किलोमीटर जमीन संशयित धरली होती, म्हणजे सोलापूर जिल्ह्याच्या अकरा-बारापट. पुढे पाहणी होत गेली तसा आकडा खाली आला. हा आकडा सगळ्या प्रकारच्या न फुटलेल्या दारूगोळ्याचा आहे, फक्त विखुरलेल्या सुरुंगांचा म्हणून सांगू नका, समोरचा लगेच पकडेल.

आता ड्रोनही एकेक सुरुंग रस्त्यावर नेऊन ठेवतात. तोफेने टाकलेल्या पट्ट्याचे निदान अंदाजे अक्षांश-रेखांश नोंदवता येतात, आणि प्रोटोकॉल ते मागतोही. रात्री ड्रोनने ठेवलेल्या एकट्या सुरुंगाची नोंद कोणी ठेवली का, हे पुढे सुरुंग काढायला येणाऱ्याला विचारायची सोयच नसते.